कावीळ केव्हा सुरू व्हावी: नवशिक्या अपिलार्थींसाठी मार्गदर्शिका

ज्यांचा जमिनीचा दावा नुकताच विरोधात निकाली निघाला आणि ज्यांनी त्यानंतर काहीच केले नाही, अशा सज्जनांसाठी ही मार्गदर्शिका आहे. अनुभवी मंडळींनी ती वाचण्यात वेळ घालवू नये. ती मंडळी एव्हाना तिसऱ्या पिढीचे वारस रेकॉर्डवर आणण्यात गुंतलेली असतील.

साहित्य: विरोधात गेलेला एक हुकूमनामा, अजून तुमचे नाव असलेला एक सातबारा, एक जुने वकील, एक नवे वकील, कोर्ट फी स्टँप, नोटरीपुरते पैसे आणि एक आजार.

सुरुवात हिशेबाने करावी. तालुक्याच्या दिवाणी न्यायाधीशांच्या निकालावर जिल्हा न्यायालयात अपील करायला 30 दिवस मिळतात, उच्च न्यायालयात जायचे असेल तर 90. हे 1963 च्या मुदतीच्या कायद्यात लिहिलेले आहे. त्याच कायद्याचे कलम 3 सांगते की समोरच्याने हरकत घेतली नाही, तरी मुदत टळलेले अपील न्यायालयाने आपणहून फेटाळायचे. त्यामुळे चुलतभावाला चहा पाजून ‘तू मुदतीचं काही काढू नकोस’ एवढे ठरवून घेतले, तर चहा वाया जातो.

मुदत मोजण्यात नवशिका पहिल्याच फटक्यात चुकतो, आणि गंमत म्हणजे बहुतेक वेळा स्वतःच्याच विरोधात चुकतो. समजा निकाल 3 जानेवारीला लागला. तो दिवस धरायचा नाही. 4 तारखेपासून मोजले की तिसावा दिवस 2 फेब्रुवारीला येतो. आता तुम्ही 20 जानेवारीला नकलेचा अर्ज दिला आणि नक्कल 5 फेब्रुवारीला तयार झाली असे धरू. हे 17 दिवस कलम 12 तुम्हाला परत देते आणि मुदत 19 फेब्रुवारीपर्यंत जाते. नकलेवर अर्ज कधी आला, नक्कल तयार कधी झाली आणि दिली कधी, या तारखा असतात. नक्कल तयार होऊन पडली असताना तुम्ही ती महाशिवरात्रीची यात्रा उरकून आणायला गेलात, तर यात्रेचे दिवस तुमच्या खात्यावर. आणि नकलेचा अर्जच मुदत संपल्यावर दिलात, तर कलम 12 तुम्हाला ओळखही दाखवत नाही.

सुट्टीचेही असेच. मुदतीचा शेवटचा दिवस उन्हाळी सुट्टीत आला, तर कोर्ट उघडेल त्या दिवशी अपील देता येते. पण सुट्टी मुदतीच्या मधोमध आली, तर ती वजा होत नाही. ‘मे महिना धरायचा नसतो’ हे पारावरचे कायदेज्ञान आहे. त्याच्या जोरावर किती एकर जमीन गेली, याचा हिशेब पारावर कोणी ठेवत नाही.

इथवर नीट मोजून तुम्ही 19 फेब्रुवारीला अपील दाखल केले असेल, तर ही मार्गदर्शिका बंद करा. तुमच्याकडून पुढे काही होण्यासारखे नाही.

बाकीच्यांनी आता कलम 5 कडे यावे. ‘पुरेसे कारण’ दाखवल्यास न्यायालय विलंब माफ करू शकते, एवढेच ते कलम सांगते. पुरेसे म्हणजे किती, ते सांगत नाही. इंग्रजांच्या काळापासून न्यायाधीश ते ठरवत आले आहेत. शिवाय हे कलम अपिलाला आणि अर्जाला आहे, मूळ दाव्याला नाही. दावाच मुदतीबाहेर लावला असेल, तर कावीळ सोडा, तुम्ही मधल्या काळात वारला असलात तरी उपयोग नाही. दरखास्तीतल्या, म्हणजे हुकूमनाम्याच्या अंमलबजावणीतल्या, ऑर्डर 21 खालच्या अर्जांनाही ते लागू नाही. जमिनीचा लिलाव रद्द करायचा अर्ज 60 दिवसांत दिला नाही, तर त्यासाठी माफीचे दुकान उघडेच नसते.

अर्जासोबत शपथपत्र हवे. दिवाणी प्रक्रिया संहितेत 1976 च्या दुरुस्तीने ऑर्डर 41 नियम 3-अ आला, तेव्हापासून हा नियमच आहे. शपथपत्रात मजकूर साधारणपणे असा येतो: ‘अर्जदार हा गरीब व अडाणी शेतकरी असून त्यास कायद्याचे ज्ञान नाही. सदर कालावधीत अर्जदार काविळीने अंथरुणास खिळून होता. विलंब हा हेतुपुरस्सर नसून अपरिहार्य कारणाने झाला आहे.’ हा परिच्छेद कोर्टाबाहेरच्या टायपिस्टच्या संगणकात कायम तयार असतो. फक्त नाव बदलायचे. घाईत नाव बदलायचे राहून जाते आणि निवृत्त मुख्याध्यापक ‘अडाणी शेतकरी’ म्हणून सही करतात, तीही झोकदार इंग्रजीत.

कावीळच का, असा प्रश्न पडेल. मणक्याचा त्रास चालतो, सायटिका चालते, टायफॉइडलाही एके काळी मान होता. पण काविळीत विश्रांती सांगतात, पथ्य सांगतात आणि गावठी औषध घेतले म्हटले की दवाखान्याची बिले मागायची सोय राहत नाही. डॉक्टरचा दाखला मात्र जोडावा लागतो. त्यावर तारीख असावी आणि ती अपील दाखल केल्याच्या दिवसाची नसावी, एवढे पथ्य तुम्ही पाळा.

आता या मार्गदर्शिकेचा मुख्य धडा: आजार कधी सुरू करावा. इथे दोन निवाडे कामाला येतात. सर्वोच्च न्यायालयाने 1961 साली रेवा कोलफील्ड्सच्या प्रकरणात सांगितले की मुदतीच्या आतल्या दिवसांचा हिशेब द्यावा लागत नाही. पक्षकाराला शेवटच्या दिवसापर्यंत थांबायचा हक्क आहे. म्हणजे आपल्या उदाहरणात 4 जानेवारी ते 19 फेब्रुवारी तुम्ही ठणठणीत होता की खिळून होता, हे कोणी विचारत नाही. तरीही नवशिके पंधरा दिवसांचा चांगला दणदणीत टायफॉइड जानेवारीतच खर्च करून टाकतात आणि 20 फेब्रुवारीनंतर सांगायला त्यांच्यापाशी साधे पडसेही उरत नाही. उलट बाजूही आहे. 1981 साली त्याच न्यायालयाने म्हटले की कारण मुदत संपण्यापूर्वी उद्भवलेले हवे, मुदत उलटून गेल्यावर उद्भवलेले कारण पुरेसे ठरत नाही. म्हणजे 25 फेब्रुवारीला सुरू झालेली कावीळही बाद. आजार मुदतीच्या शेवटच्या दिवशी अंगात असला पाहिजे आणि तिथून अपील दाखल होईपर्यंत सलग टिकला पाहिजे. इतका शिस्तीचा आजार वैद्यकशास्त्राला ठाऊक नसला, तरी महाराष्ट्रातल्या जिल्हा न्यायालयांत त्याची साथ बारमाही असते.

‘प्रत्येक दिवसाचे स्पष्टीकरण हवे’ हे वाक्य समोरचे वकील हमखास म्हणतील. त्याला उत्तर 1987 चे. काश्मिरातल्या अनंतनागच्या भूसंपादन प्रकरणात विलंब होता अवघा चार दिवसांचा. सर्वोच्च न्यायालयाने तिथे विचारले की प्रत्येक दिवसाचे स्पष्टीकरण, तर मग प्रत्येक तासाचे का नको, प्रत्येक सेकंदाचे का नको? अर्थ व्यवहारी माणसासारखा लावा, असा त्या निवाड्याचा रोख. विलंब माफीच्या अर्जावर युक्तिवाद करताना हा निवाडा न दाखवणारा वकील विरळा. अडचण एवढीच की तो चार दिवसांच्या विलंबातला आहे आणि तुम्ही तो चार वर्षांच्या विलंबाला जोडता आहात. तेव्हा सोबत 1998 चा निवाडाही ठेवा. त्यात 883 दिवसांचा विलंब माफ झाला आणि विलंबाची लांबी गौण, खुलासा पटण्याजोगा आहे की नाही हेच महत्त्वाचे, असे सांगितले गेले. तो वाचून हुरळून जाऊ नका. न्यायालयाचा पुढचा सूर कडक होत गेला. 2013 साली कर्नाटकातल्या भूसंपादनाच्या प्रकरणात साडेपाच वर्षांच्या विलंबाला आजारपणाचे कारण दिले होते. ते चालले नाही.

समोरची बाजू अर्जावर आपले म्हणणे दाखल करते. शहरातल्या फ्लॅटच्या भांडणात समोरचा तुमच्या यकृताविषयी फारसे जाणत नसतो. शेतजमिनीच्या वाटपात मात्र समोरचा म्हणजे तुमचा सख्खा चुलतभाऊ. त्याच्या आणि तुमच्या अंगणात एक तुळशीवृंदावन आणि एक मनाई हुकूम एवढेच अंतर. तुम्ही कधी खोकलात तेही त्याने टिपून ठेवलेले असते. आणि कधी कधी न्यायालय विलंबाच्या अर्जावरच पुरावा घ्यायचे ठरवते. मग तुम्हाला पिंजऱ्यात उभे राहावे लागते.

‘तुम्हाला कावीळ झाली होती?’

‘होय.’

‘किती दिवस?’

‘अर्जात लिहिलंय तेवढे.’

‘किती लिहिलंय?’

‘ते वकीलसाहेबांना विचारा.’

‘15 मार्चला पुतण्याच्या हळदीला तुम्ही होता?’

‘हळद आमच्याच अंगणात होती. मी आत बाजेवर पडून होतो.’

‘हा फोटो पाहा. बेंजोपुढे नाचताहेत ते कोण?’

‘मीच. त्या दिवशी जरा उतार होता.’

‘तोंडावर पिवळं दिसतंय ते हळदीचं की काविळीचं?’

इथे तुमचे वकील हरकत घेतात, ती बहुधा मान्य होते आणि जबाबात शेवटी एवढेच उतरते: ‘हे म्हणणे खरे आहे की मी दि. 15 मार्च रोजी नाचलो. हे म्हणणे खरे नाही की मला कावीळ झाली नव्हती.’ शपथेवर खोटे सांगणे हा गुन्हा आहे, हेही याच टप्प्यावर नवशिक्याला पहिल्यांदा कोणीतरी हळू आवाजात सांगते.

आजाराचे धाडस नसेल, तर दुसरा प्रचलित मार्ग म्हणजे जुन्या वकिलांनी निकाल कळवलाच नाही म्हणणे. यात कायद्याचा आधार आहे. वकिलाच्या चुकीची शिक्षा निष्पाप पक्षकाराला होऊ नये, असे न्यायालयांनी पुष्कळदा म्हटले आहे. अर्थात पक्षकाराने स्वतःही चौकशी करायला हवी होती, असेही तितक्याच वेळा म्हटले आहे. व्यावहारिक पेच वेगळाच आहे. नव्या वकिलांच्या वकीलपत्रावर जुन्या वकिलांची ‘ना हरकत’ सही घ्यायची रीत आहे. म्हणजे सकाळी तुम्ही हात जोडून त्यांची सही घ्यायची, दुपारी त्याच वकीलपत्रासोबत त्यांच्या निष्काळजीपणाचे सविस्तर शपथपत्र दाखल करायचे आणि संध्याकाळी बाररूममध्ये दोन्ही वकिलांनी एकाच टेबलावर चहा घ्यायचा. जुने वकील मुरलेले असतील, तर निकालाच्या दुसऱ्याच दिवशी तुम्हाला पाठवलेल्या रजिस्टर पत्राची पावती त्यांच्या फायलीत असते. ती पावती चुलतभावाच्या वकिलांपर्यंत कशी पोचते, हे विचारू नये.

निकाल कळलाच नाही, हे कारणही आता जुन्यासारखे चालत नाही. प्रत्येक प्रकरणाला 16 अक्षरांचा सीएनआर क्रमांक असतो. तो ई-कोर्टच्या ॲपमध्ये टाकला की पुढची तारीख, निकाल, पुष्कळदा निकालपत्रसुद्धा फोनवर दिसते. ‘अर्जदारास मोबाईल वापरता येत नाही’ हे वाक्य लिहिण्यापूर्वी तुमचे व्हॉट्सॲप स्टेटस काढून टाका. चुलतभाऊ ते रोज पाहतो. कोरोनाचा दाखलाही जपून द्यावा. 15 मार्च 2020 ते 28 फेब्रुवारी 2022 हा काळ सर्वोच्च न्यायालयाने सगळ्यांनाच मुदतीतून वगळून दिला होता, पण तुमचा निकाल 2023 चा आहे. आणि कोल्हापूर, सांगली, साताऱ्याकडच्या मंडळींचे ‘मुंबई लांब पडते, जाण्यायेण्याची ऐपत नाही’ हे पिढीजात कारण 18 ऑगस्ट 2025 ला कोल्हापुरात उच्च न्यायालयाचे सर्किट बेंच सुरू झाल्यापासून कायमचे गेले. त्याबद्दल कोणी दुखवट्याची सभा घेतल्याचे ऐकले नाही.

पैसे नव्हते, हे कारण खरे असते, पण नुसते सांगून ते टिकत नाही. कोर्ट फी कमी पडत असेल, तर कमी स्टँपवर अपील दाखल करून उरलेल्यासाठी दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम 149 खाली वेळ मागता येतो. अपिलार्थी बहीण असेल, तर महाराष्ट्रात 1994 पासून मालमत्तेच्या वादात स्त्रियांना कोर्ट फी माफ आहे. भाऊ हे बहिणीला सांगत नाहीत. विशेषतः बहीण त्यांच्याच विरुद्ध अपील करणार असेल तेव्हा.

खरे सांगायचे तर या सगळ्या काविळींमागे एक खरे कारण असते आणि ते अर्जात कधीच येत नाही. निकाल लागल्यावर गावातली चार शहाणी माणसे म्हणाली, अपील कशाला, आषाढी झाली की बसू. आषाढी झाली. मग पोळा झाला की बसू, मग दिवाळी. अपिलाचा खर्च कोणी करायचा यावर तुम्हा तिघा भावांत बोलणे बंद झाले. मधे आईने शपथ घातली की आता कोर्टाची पायरी चढू नका. तेवढ्यात समोरच्याने दरखास्त लावली आणि बेलीफ दारात आला. हे कारण कोणतेही न्यायालय मान्य करेलच असे नाही. पण माझ्या मते याच्यासारखा मसुदा टायपिस्टच्या संगणकात नाही. यात तारखा आहेत, साक्ष देऊ शकणारी माणसे आहेत, आणि उलटतपासात याचा रंग बदलत नाही. वकिलाला पहिल्याच भेटीत हे सांगा. ते ऐकून वकील ‘यात काही दम नाही, काविळीचं बघू’ म्हणाले, तर फी देण्यापूर्वी आणखी एक वकील पाहा.

दोन सापळे घाईघाईने सांगून टाकतो. वाटपाच्या दाव्यात आधी प्राथमिक हुकूमनामा होतो, कोणाचा हिस्सा किती ते त्यात ठरते. प्रत्यक्ष मोजणी, सरस-निरस आणि ताबा नंतर. ‘अजून अंतिम कुठे झालंय’ म्हणून लोक वर्षानुवर्षे थांबतात आणि अंतिम हुकूमनाम्यावरच्या अपिलात हिस्सा चुकीचा म्हणून भांडायला जातात. संहितेचे कलम 97 तिथे दार लावून बसलेले आहे. प्राथमिकवर अपील केले नसेल, तर त्यातले चूक-बरोबर नंतर काढता येत नाही. दुसरा सापळा मरणाचा. समोरचा पक्षकार वारला, तर 90 दिवसांत त्याचे वारस रेकॉर्डवर आणायचे, नाहीतर अपील त्याच्यापुरते ॲबेट होते. ते उठवायला पुढचे 60 दिवस. तेही गेले, तर विलंब माफीचा, ॲबेट रद्द करण्याचा आणि वारस नोंदवण्याचा असे तीन अर्ज एकत्र द्यावे लागतात. तेराव्याला जेवून आलेल्या माणसाने ‘मयताची माहिती नव्हती’ असे शपथेवर लिहू नये. पत्रावळीवर कोण कोण होते, याचीही साक्ष निघते.

महसुली बाजूला गेलात, तर सगळे याहून सैल वाटेल. फेरफार नोंदीवर प्रांताकडे अपील करायला 60 दिवस असतात, आणि जमीन महसूल संहितेच्या कलम 251 खाली तिथेही विलंब माफ होतो. तिथला सर्वमान्य परिच्छेद असा: ‘अर्जदार पीककर्जासाठी सातबारा काढण्यास गेला असता त्यास सदर नोंदीची प्रथमच माहिती झाली.’ 1978 च्या नोंदीची माहितीही अशी परवाच होते.

यावर तुम्ही म्हणाल, सरकारला सगळे माफ होते. तसेही राहिले नाही. फाईल या टेबलावरून त्या टेबलावर गेली, विधी खात्याचा अभिप्राय आला नाही, कागद गहाळ झाले, ही सरकारी कावीळ. जळगावच्या मध्यम प्रकल्पाच्या कार्यकारी अभियंत्यांना 1724 दिवसांचा विलंब उच्च न्यायालयाने माफ केला होता, सर्वोच्च न्यायालयाने 2008 मध्ये तो आदेश रद्द केला. मुंबई महानगरपालिकेचा 7 वर्षे 108 दिवसांचा विलंब 2012 मध्ये तसाच गेला. पुण्यातल्या एका मिळकतीत केंद्र सरकार 12 वर्षे 158 दिवस उशिरा पोचले आणि 2024 मध्ये हात हलवत परतले. नवशिक्याला यातून दिलासा घ्यायचा असेल तर घ्यावा. पण सरकारपाशी दुसरी जमीन असते.

आता अर्ज दाखल झाला. त्याला अपिलाचा नव्हे, किरकोळ अर्जाचा क्रमांक पडतो. समोरच्यांना नोटीस निघते. वाटपाच्या प्रकरणात समोरचे म्हणजे सतरा सहहिस्सेदार, त्यातले चार पुण्यात, दोन सुरतेला आणि एक मयत. नोटिसा बजावून सगळ्यांचे म्हणणे येईपर्यंत एक-दोन वर्षे सहज जातात. 40 दिवसांचा उशीर योग्य होता की नाही, हे ठरायला लागलेल्या या उशिराबद्दल कोणीही कोणाची माफी मागत नाही.

या काळात हुकूमनाम्याला स्थगिती मिळेल अशा भ्रमात राहू नका. नुसते अपील केल्याने स्थगिती मिळत नाहीच, आणि नियम 3-अ सांगतो की अपील ऐकायचे असे न्यायालयाने ठरवेपर्यंत स्थगितीचा आदेश करायचा नाही. म्हणजे तुमचा किरकोळ अर्ज जिल्ह्याला ‘म्हणणेकामी’ पुढच्या तारखेला जात असताना तालुक्याला दरखास्त चालू असते. बेलीफ ताब्याचे वॉरंट घेऊन, पंच आणि मोजणीदारासह बांधावर येतो. त्याला विलंब माफीच्या अर्जाची झेरॉक्स दाखवली, तर तो ती वाचतो, घडी घालून परत देतो आणि खुंट्या रोवायला लागतो.

समजा सगळे जुळून आले आणि आदेश झाला: अर्ज मंजूर, विलंब माफ, अर्जदाराने प्रतिपक्षास 15 दिवसांत खर्चापोटी अमुक रुपये द्यावेत. यातले पहिले चार शब्द ऐकून नवशिका पेढे आणायला जातो. खर्च भरणे ही अट असते. ती 15 दिवसांत पाळली नाही, तर मिळालेली माफी गेली असे समजावे. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम 148 खाली ती मुदत वाढवून मागता येते, एकूण 30 दिवसांपर्यंत. त्या अर्जालाही कारण द्यावे लागते, आणि त्याखाली सही करण्यापूर्वी टायपिस्टने कोणता परिच्छेद चिकटवला आहे ते वाचून पाहा. चुलतभाऊ पैसे हातात घेणार नाही. ते कोर्टात जमा करून पावती घ्या. मग अपिलाला खरा क्रमांक पडतो आणि सतराही जणांना नव्याने नोटीस निघते.